निळ्या दोऱ्यांचा पडदा

आष्टीच्या पुढं कच्च्या रस्त्यानं आत गेलं की आमचं गाव लागतं. मी शाळेत जायच्या वयात आमच्या आबांनी, म्हणजे वडिलांनी, बियाण्याच्या कपाशीचा प्लॉट घ्यायला सुरुवात केली होती. जालन्याच्या एका कंपनीचं काम. साधी कपाशी पेरायची, वेचायची आणि बाजारात न्यायची, असं ते काम नव्हतं. दुपारी बायका उद्या उमलणारी कळी शोधायच्या, अंगठ्याच्या नखानं ती सोलायच्या आणि आतले पिवळ्या भुकटीचे तुरे काढून टाकायच्या. दुसऱ्या दिवशी सकाळी नर-झाडाचं फूल आणून त्या सोललेल्या कळीवर हळूच फिरवायचं आणि देठाला चार बोटं दोरा बांधायचा. एवढ्या सगळ्याला आमच्याकडं एकच शब्द होता, क्रॉसिंग. दोरा ही खूण. दोरा असलेलं बोंड माणसाच्या हातानं जमवलेलं, ते बियाण्याला चालणार. दोरा नसलेलं बोंड कसं धरलं याचा भरवसा नाही, म्हणून ते तोडून टाकायचं.

आबा शिस्तीचे. आष्टीच्या बाजारातून ते शिवणकामाची रिळं आणायचे, वेगवेगळ्या रंगांची, आणि प्रत्येक बाईला एक रंग द्यायचे. द्वारकाकाकूचा लाल, शेवंताचा पिवळा, आणखी दोघींचे हिरवा आणि पांढरा. कुणाच्या ओळीत कुणाचा हात लागला ते लांबून दिसावं म्हणून. निळं रिळ मात्र आबांनी पोतडी उघडायच्या आत कौसाबाई उचलायची. "हे माझं," म्हणायची. तिला निळाच का हवा असतो, हे कळायला मला कॉलेजपर्यंत थांबावं लागलं. बुद्धवाड्यातली ती एकटीच बाई आमच्या प्लॉटवर होती. नवरा गेलेला, एक तान्हा मुलगा बांधावरच्या झोळीत. तिच्या हातासारखा हात तालुक्यात नाही, असं खुद्द कंपनीचे साहेब म्हणायचे. आणि तिचा चहाचा कप पडक्या इंजिनखोलीच्या वळचणीला खोचलेला असायचा, बाकीच्यांच्या कपांपासून लांब. मी तिला कौसाबाई म्हणायची, अरेतुरेत बोलायची. द्वारकाकाकूला मात्र काकू. ते तेव्हा कुणाला खटकत नव्हतं, मलाही नाही. हे इथं लिहिलं नाही तर पुढचं लिहिण्यात काही अर्थ नाही.

दिवाळीच्या सुट्टीत मी माझ्या मायसोबत सकाळी शेतात जायची. ज्वारीची भाकरी, शेंगदाण्याची चटणी, अंबाडीची भाजी फडक्यात बांधलेली. माय भाजीवर कच्च्या तेलाची धार सोडायची, त्याचा वास अजून माझ्या नाकात आहे. सकाळचं दव पायाला लागायचं, कपाशीची पानं ओल्यानं जड झालेली असायची. ऊन वर आलं की फुलं उमलायची, आणि बायका ओळीत शिरल्या की पानं सरकवल्याचा एक बारीक आवाज सगळ्या रानातून यायला लागायचा. मग कुठल्या तरी ओळीतून कौसाबाईचा आवाज उठायचा:

"हात कामाला, कान मला!"

ही तिची सुरुवात. कथेकऱ्यासारखं देवाबिवाचं नाव नाही, राजा-राणी नाही. एवढं म्हटलं की बायका हसायच्या आणि मग आपोआप गप्प व्हायच्या.

तिच्या गोष्टी सगळ्या एकाच मुलखातल्या असायच्या. लखलख मुलूख. तो कुठं आहे विचारलं तर ती हातातल्या फुलानं कुठलीही दिशा दाखवायची. तिथं रात्र एका बाजूनं येते आणि दिवस दुसऱ्या बाजूनं, आणि दोघं मधे भेटून पाणी पितात. तिथली झाडं सावली पाडत नाहीत, सावली साठवतात, आणि ज्याला लागेल त्याला देतात.

"कौसे, तुझ्या त्या मुलखात कापूस येतो का न्हाई?" द्वारकाकाकू विचारायची.

"येतो की. पन तिथं क्रॉसिंगला बाप्ये असत्यात. बाया बांधावर बसून चुका काढत्यात."

"आगं, मंग ते सोडून इथं कशाला मरायला आली?"

"तुला न्यायला आल्ते. पन तुझं वजन पाहून इचार करून राह्यले."

सगळं रान हसायचं. आबा लांबून ओरडायचे, "हात चालू द्या गं!" आणि कौसाबाई तितक्याच मोठ्यानं, "हात चालूच हायेत, पाटील! तोंडाला रोजगार न्हाई लागत!"

त्या मुलखाची राजधानी म्हणजे दोन काळे डोंगर आणि त्यांच्या मधे टांगलेला गाता पडदा. त्या पडद्याची गोष्ट सांगायला तिला दोन आठवडे लागले असतील. मला ती जवळजवळ शब्दाला शब्द आठवते. त्या मुलखात मूल जन्मलं की त्याच्या नावाचा एक दोरा त्या दोन डोंगरांमधे सोडतात. कुणाचा दोरा कोणता याची नोंद नाही, फक्त सोडतात. असे दोरे पिढ्यान् पिढ्या सोडून त्याचा पडदा झालेला. सकाळी पहिलं ऊन आलं की ते एकेक दोऱ्यावर चढतं, आणि ज्याच्यावर चढतं तो वाजतो. कुणाचा आवाज घागरीत पाणी पडावं तसा, कुणाचा बैलाच्या गळ्यातल्या घुंगरासारखा, कुणाचा तव्यावर भाकरी टाकल्यासारखा. आणि आवाज बदलला की उजेडाचा रंग बदलतो. लोक समोरच्या टेकडीवर येऊन बसतात. कुणी काही मागत नाही, कुणी हात जोडत नाही. ऐकतात आणि आपापल्या कामाला जातात.

"आन् मानूस गेलं की?" शेवंतानं एकदा विचारलं. तिचं चार वर्षांचं लेकरू त्या वर्षी तापानं गेलं होतं.

"गेलेल्याचा दोरा काढत न्हाईत," कौसाबाई म्हणाली. "त्यो वाजतच ऱ्हातो. तिथं कुनी कुनाला गेला म्हनत न्हाई."

शेवंताच्या ओळीतून फक्त पानं सरकत राहिली. दुसऱ्या दिवशी तिनं कामावर आल्या आल्या विचारलं, "कौसे, काल लहान लेकराचा आवाज कसा असतो ते न्हाई सांगितलं." कौसाबाईनं सांगितलं. काय सांगितलं ते मला ऐकू आलं नाही, कारण ती शेवंताच्या जवळ जाऊन, तिच्या कानाशी बोलली होती.

मी शाळेत विज्ञान शिकवते. उजेड, त्याचं परावर्तन, ध्वनीच्या लहरी. पंचवीस-सव्वीस वर्षं शिकवते आहे. पोरं म्हणतात, बाई प्रकाशाचा धडा वेगळाच शिकवतात. त्यांना मी कधी सांगितलं नाही की तो धडा मी कपाशीच्या ओळीत शिकले, अक्षर न येणाऱ्या एका बाईकडून.

तर झालं असं की मला तो पडदा बघायचा होता. नुसता ऐकून भागेना. इंजिनखोलीत पूर्वी डिझेलचं इंजिन होतं. वीज आल्यावर ते विकलं, खोली मोकळी पडली. वरच्या पत्र्याला खिळ्यांची जुनी भोकं. दुपार कलली की त्या भोकांतून उन्हाच्या बारीक काड्या तिरप्या खाली यायच्या, धुळीनं भरलेल्या. मी ठरवलं, इथं टांगायचा. एक वेळूची काठी आडवी बांधली. फुटलेल्या बांगड्यांचे तुकडे जमवले, गोळ्यांच्या पाकिटांची चकचकीत पत्री कापली, मायच्या डब्यातले चार घुंगरू न विचारता घेतले. दोरा पाहिजे होता. आणि दोरा निळाच पाहिजे होता, कारण पडदा कौसाबाईचा होता.

रिळं आबा कुलुपात ठेवायचे. पण रानात तर दोरेच दोरे होते. मी विचार केला, आणि तो विचार मला अजूनही मूर्खपणाचा वाटत नाही, फक्त अर्धवट वाटतो. दोरा कशासाठी? तर बाईला कळावं की ही कळी सोलली, हिच्यावर फूल फिरवलं. आता फूल तर गळून पडलं, खाली बोंडही धरलं. मग दोऱ्याचं काम संपलं. लग्न लागल्यावर मुंडावळ्या सोडतात तसं. मी रोज थोडे थोडे सोडायला लागले, फक्त निळे, फक्त जिथं बोंड सुपारीएवढं झालंय तिथले. नखानं गाठ सैल करायची, देठ दुखवायचा नाही. चार-चार बोटांचे तुकडे एकमेकांना जोडून लांब करायचे. वेचणीच्या दिवशी तोच दोरा पाहून बोंड वेगळं काढायचं असतं, त्याचं खरं काम तेव्हाच असतं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. प्लॉटवाल्याची पोर, तिला माहीतच असेल असं सगळ्यांना वाटत असावं.

आठ-दहा दिवसांत पडदा झाला. दुपारी साडेतीन-चारला उन्हाची काडी त्याच्यावर यायची. दार किंचित उघडं ठेवलं की वारा आत शिरायचा, बांगड्यांचे तुकडे एकमेकांना लागायचे, किणकिण, किणकिण, आणि भिंतीवर हिरवे-लाल ठिपके धावायचे. मी एकटीच बसून बघायची. आयुष्यात पुढं मी वेरूळ पाहिलं, समुद्र पाहिला. पण तसं काही मी पुन्हा पाहिलं नाही. क्रॉसिंगच्या शेवटच्या दिवशी शेतात सगळ्या बायकांना जेवण असायचं. जेवण झालं की कौसाबाईचा हात धरून तिला तिथं न्यायचं, असं मी ठरवून टाकलं होतं.

त्याच्या दोन-तीन दिवस आधी सकाळी तिची गोष्ट एका जागी येऊन थांबली.

"एक दिवस काय झालं," ती म्हणाली, "ऊन बराबर आलं, समदे दोरे वाजले. पन एक वाजलाच न्हाई. तुटला नव्हता. उजेड त्याच्यावर बराबर पडत व्हता. तरी मुका. तिथं असं हाय, ज्याच्या पोटात काई अडकलं, त्याचा दोरा मुका व्हतो."

"मंग शोधायचं अन् बदडायचं," द्वारकाकाकू म्हणाली.

"शोधनार कसं? कुनाचा दोरा कोनता, हेच कुनाला ठाव न्हाई. ते काई शोधत न्हाईत. रोज सकाळी येऊन बसत्यात, समदे वाजून झाले तरी उठत न्हाईत. त्या एकाची वाट बघत्यात."

"कवर?" हे मी विचारलं होतं.

"उद्या सांगते, मंदे. आता ऊन झालं."

दुसऱ्या दिवशी कंपनीचे साहेब आले. जीपमधून उतरले आणि ओळीत शिरले. दुपारची वेळ, बायका कळ्या सोलत होत्या. साहेब कौसाबाईच्या ओळीत थांबले. एक बोंड धरलं, दुसरं धरलं. मग आबांना हाक मारली. "हे काय, पाटील? दोरे कुठायत? या ओळीत बिनदोऱ्याची बोंडं किती, बघा. असं बियाणं मी नेऊ?" बायका उभ्या राहिल्या. मी बांधावर होते. आधी कळलंच नाही. मग साहेबांनी बोंड पिरगाळून तोडलं आणि खाली टाकलं, तेव्हा एकदम कळलं.

"म्या बांधल्ते," कौसाबाई म्हणाली. "समदे बांधल्ते, साहेब. एक सोडला न्हाई."

"मग वाऱ्यानं नेले?"

आबा तिच्याकडं न बघता बोलले. "तुम्हा लोकाला कितीबी जवळ करा. इमान म्हनून न्हाईच." मग आणखी एक शब्द बोलले, चोर. काम न करता केल्याचं दाखवलं, ही कामाची चोरी, असं त्यांचं म्हणणं. चार बायकांच्या समोर. द्वारकाकाकूनं पदर तोंडाला लावला. शेवंता खाली बघत राहिली. मी बारा वर्षांची होते, मला बोलता येत होतं, तोंडाला कुणी हात लावला नव्हता. एक वाक्य होतं: आबा, दोरे मी काढले. मी ते बोलले नाही. आबांचा हात मला माहीत होता, हे खरं. पण पूर्ण खरं ते नाही. मला असंही वाटलं की कौसाबाई आहे, ती बोलून निभावून नेईल. आणि तिला बोलणी बसली तर ते मला बसण्याइतकं वाईट नाही, असंही कुठंतरी वाटलं. हे तिसरं मी पुढं कित्येक वर्षं कुणाला सांगितलं नाही.

साहेबांनी तिच्या ओळींतली बिनदोऱ्याची सगळी बोंडं तोडायला लावली. ती तिनंच तोडली. मग झोळी सोडून लेकरू कडेवर घेतलं आणि कप घ्यायला इंजिनखोलीकडं गेली. चार वाजत आले होते. दार किंचित उघडं होतं. मी बांधावरून बघत होते. वळचणीचा कप काढता काढता ती थांबली. आत पाहिलं. किती वेळ ते मला सांगता येणार नाही. कडेवरच्या लेकरानं आतल्या कशाला तरी हात पुढं केला, तो तिनं हलकेच मागं घेतला. मग दार ओढलं, कडी घातली, वळली, आणि तिची नजर थेट माझ्यावर आली. मला वाटलं आता ती हाक मारणार. आबा वीस पावलांवर होते. तिनं कप कमरेला खोचला आणि वाटेला लागली. पुन्हा आमच्या रानात आली नाही. काही दिवसांनी ती गाव सोडून वाटूरला भावाकडं गेल्याचं कळलं. पडदा मी त्याच संध्याकाळी चुलीत घातला. दोरे लगेच जळाले. काचा राखेत सापडत राहिल्या, माय पुष्कळ दिवस विचारत होती, बांगड्या कोण फोडतं चुलीत म्हणून.

त्यानंतर मी कमी बोलणारी झाले. लोकांना तो माझा स्वभाव वाटतो. भोकरदनला सासर, तिथंच नोकरी, दोन मुली. मुली म्हणतात, आई रागावत नाही, गप्प बसते, ते जास्त वाईट.

मागच्या वर्षी जालन्याला शिक्षकांचं प्रशिक्षण होतं. दुपारच्या जेवणात शेजारी एक सर बसले, वाटूरचे. गावाचं नाव निघालं, मग त्यांच्या आईचं नाव निघालं. झोळीतलं ते लेकरू, आता कानशिलावर पांढरे केस. मी विचारलं, आई गोष्टी सांगतात का अजून? ते हसले. "नातवंडांना सांगते की. पण एक गोष्ट अर्ध्यावरच सोडते. पुढं काय म्हटलं की म्हणते, पुढचं एका पोरीकडं अडकलंय."

मी त्यांच्याकडून घरचा पत्ता आणि फोन नंबर लिहून घेतला.

पुढच्या रविवारी मी गेले. स्लॅबचं घर, पुढं पेरू. ती खाटेवर शेंगा फोडत बसलेली. हात तसेच, नखं तशीच. मी नाव सांगायच्या आत तिनं ओळखलं.

"मंदी व्हय तू. ये. बस."

मी म्हटलं, "मावशी."

"आता मावशी झाले व्हय? तवा कौसाबाई व्हते." आणि सुनेला हाक मारली, "चहा ठेव गं! पाटलाची लेक आलीया." मग मला, "हितं कप वेगळा न्हाई ठेवलेला, चालंल ना?"

मी सगळं सांगितलं. जे वर लिहिलं ते, तिसऱ्या गोष्टीसकट. ती शेंगा फोडत राहिली. मग म्हणाली, "मला ठाव व्हतं. माझा रंग मला वळखू येनार न्हाई का?"

"मग तुम्ही बोलला का नाही?"

"तुझ्या बापाचा हात म्या पाहिल्ता. आन् खरं सांगू? ते इतकं बराबर जमल्तं. म्या नुसतं तोंडानं सांगत व्हते, तू उभं केल्तं. बोलले असते तर तुझ्या बापानं तवाच लाथ घातली असती त्याच्यात." तिनं दाणे बाजूला सारले. "म्या घातली असती तरी चाललं असतं, असं बी वाटून गेलं मला नंतर. लई येळा."

मी माफी मागितली. तिनं टरफलं झटकली.

"माफीबिफी राहू दे. मला चार बायात चोर म्हन्लं. ते अजून टोचतं. त्यातल्या ज्या जित्या हायेत, त्यांला जाऊन सांग. आन् तुझ्या बापाला सांग. मंग ये."

"आणि गोष्ट? पुढचं?"

"आधी सांगून ये म्हन्लं ना."

निघताना तिनं शेंगांची पुरचुंडी माझ्या हातात दिली, नको म्हटलं तरी. त्या शेंगा खाताना मला जे वाटलं त्याला आभार हा शब्द फार लहान आहे. तिनं मला त्या दिवशी आबांच्या हातापासून वाचवलं आणि इतक्या वर्षांनी माझ्या गप्प बसण्यातूनही हाताला धरून बाहेर काढत होती, तेही हिशोबात काहीही सूट न देता.

शेवंताला आता ऐकायला जरा कमी येतं, तिच्या कानाशी बोलावं लागलं. ती रडली, मग मला एक धपाटा घातला, पाठीत, जोरात. द्वारकाकाकू म्हणाली, "मला तवाच वाटल्तं, कौसी तसली न्हाई," आणि मी म्हटलं, "मग तुम्ही बोलला का नाही, काकू?" पण मी कोण विचारणार.

आबा ओसरीवर बसलेले. ऐंशीच्या पुढं वय, दिसायला कमी, आवाज तसाच. मी खाली बसून सांगितलं. ते काठीच्या मुठीवर बोट फिरवत राहिले. मग म्हणाले, "देठाला वळ व्हता."

"कशाचा?"

"दोऱ्याचा. दोरा बांधल्याचा वळ उमटतो देठावर. साहेबानं बोंड टाकलं ते म्या उचलून पाहिल्तं. म्हन्जे बांधल्ता तिनं. कुनीतरी सोडला." मग, "साहेबासमोर बोलून चुकल्तो. मागं कसं यायचं."

त्या रात्री जेवणं झाली नाहीत नीट. पण आबांनी सकाळी मला हाक मारून वाटूरचा नंबर मागितला. अजून त्यांनी फोन लावलेला नाही. नंबर त्यांच्या उशाखाली आहे.

मी लावला. भोकरदनला परत आल्यावर, सकाळी, स्वयंपाकघरातून.

"सांगितलं, मावशी."

"कुनाकुनाला?"

"शेवंताला. द्वारकाकाकूला. आबांना."

"काय म्हन्ले पाटील?"

मी वळाचं सांगितलं. लांबून कुणाच्या तरी कोंबड्यांचा आवाज फोनमधून येत होता.

"पाहिल्ता व्हय त्यांनी," ती म्हणाली. "बरं." मग वेगळ्याच, रानातल्या आवाजात, "तू काय करून राह्यली आता?"

"मेथी निवडते आहे."

"थांबू नको मंग," ती म्हणाली. "हात कामाला, कान मला."